खालची फळी

फ्रान्समधल्या मुलांचं एक गायनपथक भारतात येणार आहे आणि अजिंठ्याला जाता जाता एक सकाळ जळगावात थांबणार आहे, ही बातमी पितांबर सरांनी धुळ्याला, शाळेच्या शिक्षकखोलीत वाचली. आधी नुसती वाचून ते पुढे गेले. मग ते पथक कुठल्या गावचं आहे ते दिसलं. त्यांनी वर्तमानपत्राची घडी केली, काही वेळ मांडीखाली दाबून ठेवली, आणि पुन्हा उघडून पाहिली. गावाचं नाव तेच होतं.

हे नाव त्यांनी तरुणपणी ऐकलं होतं. तेव्हा ते जळगावच्या एका शाळेत संगीतशिक्षक म्हणून नुकतेच लागले होते, आणि एक म्हातारा फ्रेंच गृहस्थ अजिंठ्याच्या चित्रांचा अभ्यास करायला येऊन आख्खा हिवाळा गावात राहिला होता. ‘मस्यू’ या फ्रेंच संबोधनावरून लोक त्याला मुसासाहेब म्हणायचे. एका संध्याकाळी तो वर्गाच्या खिडकीशी थांबला, पोरांचं समूहगीत शेवटपर्यंत ऐकलं आणि आत येऊन मोडक्या इंग्रजीत म्हणाला, "छान. पण इतकी मुलं आणि सगळ्यांचा सूर एकच?"

पितांबर सरांना यात खोट काय ते कळेना. सगळ्यांचा सूर एक व्हावा म्हणूनच तर ते महिनाभर घसा फोडत होते.

मग मुसासाहेबाने सांगायला सुरुवात केली, आणि तो हिवाळाभर सांगत राहिला. लहानपणी तो स्वतः त्या पथकात गायलेला होता. पथक त्यांच्या गावातल्या मोठ्या चर्चचं, कित्येक शतकांपूर्वीचं. राज्यक्रांतीत चर्चला कुलूप लागलं तेव्हा मुलं एका कातडी कमावणाऱ्याच्या वखारीत जमून हलक्या आवाजात गायची. नवा मुलगा पथकात आला की पहिलं वर्षभर त्याने गायचंच नाही, दोन जुन्या मुलांच्या मधे उभं राहून नुसतं ऐकायचं. सकाळी न्याहारीच्या आधी फरशीवर उताणं पडून पोटावर जाड पुस्तक ठेवायचं आणि श्वासाने ते वर-खाली करायचं. अक्षरं वाचावीत तसे सूर कागदावरून वाचायचे. आणि मुख्य म्हणजे मुलांच्या वेगवेगळ्या फळ्या करायच्या. एक फळी वरचा सूर गाते, दुसरी त्याच वेळी खालचा, तिसरी आणखी खालचा. आपला सूर दुसऱ्याच्या सुराला टेकवायचा, पण त्यात मिसळू द्यायचा नाही. मुलाचा आवाज फुटला की त्याने बाहेर पडायचं. मुसासाहेबाचा आवाज तेराव्या वर्षी फुटला. ते सांगताना तो म्हातारा माणूस पितांबर सरांकडे न बघता खिडकीकडे बघत होता.

पहिल्या महायुद्धात पथकातली मुलं भोवतालच्या खेड्यांत पांगली. त्यांचे गुरुजी सायकलवर गावोगाव जाऊन प्रत्येकाला त्याच्या त्याच्या फळीचा सूर एकेकट्याला शिकवायचे. लढाई संपल्यावर सगळी एकत्र उभी राहिली, तेव्हा आपण इतके दिवस कशाचा तुकडा गात होतो ते त्यांना कळलं.

जाताना मुसासाहेबाने एक रेकॉर्ड दिली. ती ऐकून ऐकून तिच्यावर इतके चरे पडले, की पुढे पुढे आवाज कुठला आणि खरखर कुठली ते सरांनाच सांगता येत नसे. मुसासाहेब गेला तो परत आला नाही.

तेव्हापासून पितांबर सर आपल्या पोरांकडून दोन सूर गाऊन घ्यायच्या खटपटीत होते. तीन सोडा, दोनच. पुढे धुळ्याच्या शाळेत आल्यावरही ते चालूच राहिलं. कुठल्याच वर्षी जमलं नाही. खानदेशातलं पोर पाळण्यात असल्यापासून भजन ऐकतं, आणि भजनात कुणाचा सूर ढळला तर शेजारचा आवाज चढवतो, पेटीवाला भाता जोरात मारतो आणि चुकलेल्याला उचलून मुळावर आणतो. याला सांभाळून घेणं म्हणतात. ज्याला सांभाळायला चारजण नाहीत तो माणूस अभागी. अशा पोरांना शेजारी वेगळं गात असताना आपलं धरून ठेवा म्हणून सांगायचं, म्हणजे चालत्या गाडीतून उडी मारा म्हणून सांगायचं. दोन ओळी होईपर्यंत खालची फळी वर सरकून वरच्या फळीला मिळालेली असायची, आणि मिळाल्यावर पोरांच्या तोंडावर जो आनंद दिसायचा तो पाहून सरांना रागावताही येत नसे.

इतरांना तर हा सगळा प्रकार चमत्कारिकच वाटे. मुख्याध्यापक म्हणत, "पितांबरराव, तुम्ही मेहनत घेता, पण अर्धी पोरं बेसूर लागतात हो." तपासणीला आलेल्या साहेबांनी तर वर्गातच कान झाकून घेतले होते. आणि या वर्षी खालच्या फळीत घातलेल्या उखर्डूचा बाप शाळेत येऊन म्हणाला होता, "सर, आमले बठ्ठीकडे खालेच बसाडतस. आते गानामा बी खालेच का?"

"अहो, खालची म्हणजे कमी नव्हे. तीच अवघड."

"अवघड काम बी आमलेच?" असं म्हणून तो हसत निघून गेला, पण पोराला काढून नेलं नाही.

सरांना स्वतःलाही खात्री कुठे होती? मुसासाहेबाने एका फ्रेंच गाण्याच्या दोन फळ्या तेवढ्या शिकवल्या होत्या. त्या धर्तीवर त्यांनी आपल्या मराठी गाण्याला खालचा सूर स्वतःच बसवला होता. तो बरोबर आहे की आपण जन्मभर पोरांना चुकीचं शिकवतोय, हे सांगू शकेल असा एक माणूस धुळ्यात नव्हता, जळगावात नव्हता, कुठेच नव्हता. आणि येत्या मे महिन्यात ते निवृत्त होणार होते.

आता तेच पथक येत होतं. त्यांचे गुरुजी येत होते. पितांबर सर जन्मात कधी कुणाकडे काही मागायला गेले नव्हते, ते एस.टी.ने जळगावला गेले आणि स्वागत समितीचे अध्यक्ष जीवराम शेठ यांच्या पेढीवर तासभर बसून राहिले. शेवटी शेठना वेळ मिळाला.

"एकच गाणं," सर म्हणाले. "आमच्या शाळेची मुलं. स्वागताचं म्हणून."

"म्हणा की. पण पेटी-तबला पाहिजे बरं का मास्तर. नुसतं उभं राहून म्हटलं की शाळेची प्रार्थना वाटते."

"तबला नको. पेटी... पेटीवर सुरुवातीचा सा देऊ."

"द्या, द्या," शेठ म्हणाले आणि टेलिफोनकडे वळले.

त्या हिवाळ्यात सरांनी त्या सायकलवाल्या गुरुजींसारखं केलं. दोन्ही फळ्या एकमेकींपासून तोडल्या. वरची फळी चित्रकलेच्या वर्गात, खालची मैदानाच्या टोकाला पंपाच्या खोलीमागे. आठवडेच्या आठवडे एका फळीला दुसरीचा आवाज ऐकू दिला नाही. खालच्या फळीतल्या पोरांना वाटू लागलं की आपलंच गाणं खरं गाणं आहे.

डिसेंबरच्या शेवटी एका दुपारी त्यांनी दोन्ही फळ्यांना पाठीला पाठ लावून उभं केलं, तोंडं विरुद्ध बाजूंना करून. सा दिला आणि हात वर केला.

"तापीच्या काठी केळीचं रान, वाऱ्याशी बोले पानाला पान..."

पहिली ओळ धरली गेली. दुसरी ओळही. उखर्डूने दोन्ही कानांत बोटं घातली होती, कपाळाची शीर ताणली होती, पण त्याचा सूर हलला नाही आणि बाकीची पोरं त्याला धरून राहिली. दोन सूर एकमेकांशेजारून गेले आणि त्यांच्या मधल्या जागेत तिसरंच काहीतरी घुमायला लागलं. गाणं संपल्यावर पोरं आपसूक वळून एकमेकांकडे बघू लागली. सरांनी चष्मा पुसायला काढला आणि बराच वेळ पुसत राहिले.

"सर, बरोबर व्हतं का?" उखर्डूने विचारलं.

"मला वाटतं, होतं," सर म्हणाले. "जळगावला कळेल."

निघायच्या आदल्या दिवशी सरांचे थोरले भाऊ कौतिक नाना दोंडाईच्याजवळच्या गावाहून न कळवता धुळ्यात हजर झाले. धुतलेलं धोतर, नवी टोपी. नानांची पेटी त्या भागातल्या भजनी मंडळांत नावाजलेली होती. लहानपणी पितांबरची बोटं आपल्या बोटांखाली धरून त्यांनीच त्याला पहिले सूर शिकवले होते, आणि बाप गेल्यावर शेत बघून त्याला शिकायला ठेवलं होतं.

"मन्हा भाऊना कार्यक्रम शे. फ्रान्सना लोके आयकनार शेतस. पेटीवर दुसरा कोन बसई? मीच बसस."

सर घुटमळले. "नाना, पेटी फक्त सुरुवातीला. सा द्यायचा आणि हात काढून घ्यायचा. बस, तेवढंच."

"बस? मंग मी कसाले?"

"तुझ्यासारखा सा कोण देणार?"

नाना खूश झाले. "बरं. देस आनि सोडी देस."

खरं तर सरांनी त्यांना बसवून दोन फळ्या म्हणजे काय ते नीट सांगायला हवं होतं. पण नानांना काही शिकवायचं म्हणजे त्यांच्या जिभेला जडच व्हायचं. शिवाय नाना कधी शब्द मोडत नसत.

जळगावचं सभागृह सकाळीच भरलं होतं. पुढच्या रांगांत सराफ, डाळमिलवाले, त्यांच्या बायका. मागे कॉलेजची मुलं. पांढऱ्या झग्यांतली फ्रेंच मुलं डाव्या बाजूला बाकांवर ओळीने बसली होती, कुणी जांभई देत, कुणी पंख्याकडे बघत. त्यांचे गुरुजी उंच, टक्कल पडलेले, गुडघ्यांवर हात ठेवून ताठ बसले होते. सरांनी पडद्याआडून त्यांना एकदा पाहिलं आणि मग पाहवलंच नाही. पोरांना ओळीत उभं केलं. वरची फळी उजवीकडे, खालची डावीकडे. नाना मधे पेटी घेऊन बसले.

पडदा सरकला. नानांनी सा दिला, स्वच्छ आणि भरदार, आणि हात काढून मांडीवर ठेवले. सरांनी हात वर केला.

"तापीच्या काठी..."

वरची फळी निघाली, खालची निघाली. पोरं घाबरलेली होती, सूर बारीक लागला होता, पण दोन होते. सरांना ते आपल्या छातीच्या दोन बाजूंना वेगवेगळे जाणवत होते. ओळ संपत आली. फ्रेंच गुरुजींनी मान किंचित वाकडी केलेली त्यांना कडेने दिसली. ऐकू आलं त्यांना, सरांच्या मनात आलं, आता ऐकू आलं.

श्रोत्यांत कुजबूज झाली. मागून कुणीतरी फिस्सकन हसलं.

नानांनी चमकून डावीकडे पाहिलं. अर्धी पोरं भलतीकडे चाललेली. परदेशी पाहुणे समोर, जळगावचे मोठे लोक समोर, आणि भाऊ लोकांकडे पाठ करून, हात वर धरून उभा, त्याला काही सुचत नाही असा. जन्मभर ज्या माणसाने कुणाचा सूर पडू दिला नाही तो किती वेळ हात मांडीवर ठेवील? नानांनी भाता ओढला. मूळ चाल त्यांनी आधीच्या संध्याकाळी वरच्या फळीतली पोरं गुणगुणत असताना एकदा ऐकली होती, तेवढी त्यांना पुष्कळ होती. पेटी भरून वाजली. ते खालच्या फळीकडे झुकले, आणि डोळ्यांनी धीर देत स्वतः खुल्या गळ्याने गायला लागले, "वाऱ्याशी बोले..."

सरांनी नको म्हणून मान हलवली. नानांना वाटलं, भाऊ शाबास म्हणतोय.

पोरं एकेक करून सुटत गेली. त्यांना कुणी सांगावं लागलं नाही. पेटी बोलावते तिकडे जायचं हे त्यांच्या अंगातच होतं. शेवटी एकटा उखर्डू राहिला. त्याने कानांत बोटं घातली नव्हती, स्टेजवर घालू नकोस म्हणून सरांनीच सांगितलं होतं. तो सरांच्या हाताकडे बघत खालचा सूर ओढत होता, गळ्याच्या शिरा तट्ट फुगवून. सरांनी त्या हाताने त्याला काही सांगायला हवं होतं. धर, सोडू नको, काहीतरी. पण हात तिथेच अधांतरी राहिला, आणि उखर्डूने सूर सोडला.

मग सगळं सभागृह सुटल्यासारखं झालं. एका सुरात, पेटीच्या जोरावर, पोरांनी गाणं असं म्हटलं की लोकांनी टाळ्यांचा ठेका धरला. संपल्यावर कडकडाट झाला. जीवराम शेठ उठून उभे राहिले. नाना घामाने डबडबले होते आणि हसत होते. ते भावाच्या कानाशी आले. "सांभाळी लिधं, बरं का. घाबरू नको आते."

फ्रेंच गुरुजी स्टेजवर आले, हात जोडले, आणि बरंच काही बोलले. मुंबईहून आलेली दुभाषी मुलगी सांगू लागली, "ते म्हणतात, सुरुवातीला मुलं थोडी बिचकली होती. पण मग सगळ्यांनी मिळून एकच सूर धरला, तो क्षण त्यांना फार आवडला. ते म्हणतात, आम्ही आमच्या मुलांना लहानपणापासून वेगवेगळं राहायला शिकवतो. असं एक होणं आमच्याकडे नाही. तुमची ही परंपरा जपा, आमच्यासारखं करू नका."

पुन्हा टाळ्या झाल्या.

गुरुजींनी सरांचा हात हातात घेतला होता. त्यांचे डोळे निळे आणि दयाळू होते. एवढंच सांगायचं होतं, की आम्ही दोन फळ्या केल्या होत्या, एकदा पुन्हा ऐका, पेटीशिवाय, फक्त दोन ओळी. त्याला मिनिटही लागलं नसतं.

"ते... दोन..." सर म्हणाले.

"हो सर? काय सांगू त्यांना?" मुलीने विचारलं.

शेजारी नाना हात जोडून उभे होते. कुणीतरी त्यांच्या गळ्यात हार घातला होता. आपल्या भावाचं कौतुक होतंय म्हणून त्यांचे डोळे भरले होते.

"काही नाही. थँक्यू सांगा."

नानांसाठी आपण गप्प बसलो, असं सरांना म्हणता आलं असतं. पण नाना नसते तरी आपण काही बोललो असतो का, याचीही त्यांना खात्री नव्हती.

मग फ्रेंच मुलं गायला उभी राहिली. जांभया देणारी तीच पोरं, पण त्यांनी तोंड उघडल्यावर सर पुढे सरकून ऐकू लागले. रेकॉर्डमधलं नव्हतं हे. खालचा सूर वरच्याच्या मागोमाग ठराविक अंतराने चालत नव्हता. तो मधेच थांबत होता, वरचा उतरला की हा चढत होता, कधी त्याला ओलांडून वर जाऊन एकटाच उभा राहत होता. सरांनी आपल्या पोरांना शिकवलेला खालचा सूर जुवाला बांधलेल्या बैलासारखा सोबत्याच्या बरोबरीने चालायचा, तेवढाच. इतकी वर्षं चऱ्यांमधून त्यांना एवढंच ऐकू आलं होतं. हे खोटं होतं की नुसतं साधं? दहा हातांवर बसलेल्या त्या माणसाला विचारता आलं असतं. पण त्याने तर ते दोन सूर म्हणून ऐकलंच नव्हतं.

नाना वाकून हलकेच म्हणाले, "पितांबर, यासना बी आर्धा पोऱ्या भटकी राह्यनात रे. यासनाकडे पेटीवाला नही वाटस."

नाना पुढचं गाणं ऐकत राहिले. त्यानंतरचंही. हळूहळू त्यांनी गळ्यातला हार काढून मांडीवर ठेवला.

दुपारच्या एस.टी.ने सगळे परत निघाले. पोरांना जीवराम शेठनी पेढे दिले होते आणि ती आनंदात होती. पारोळा मागे पडेपर्यंत नाना खिडकीबाहेर बघत होते. मग त्यांनी तोंड वळवलं.

"पितांबर."

"काय नाना?"

"आपला पोऱ्या... खालना सूर... ते मुद्दाम व्हतं का रे?"

पलीकडच्या बाकावर उखर्डू पेढ्याचा कागद उलगडत बसला होता. सरांना तो दिसत होता. नानांचा चेहराही दिसत होता; त्या चेहऱ्यावर शेतातलं पाणी चुकून दुसऱ्याच्या रानात सोडलेल्या माणसासारखं भय होतं.

"नाही नाना," सर म्हणाले. "सराव कमी पडला पोरांचा. तू होतास म्हणून निभावलं."

नानांनी मोठा श्वास सोडला. "मी म्हनं, मन्हाच हातखाल काही चुकनं का काय. पुढला बारले मले आगोदर बलाव. आठ दिवसमा पक्का करी देस पोऱ्यासले."

"बरं."

उखर्डूने मान वर केली नव्हती. कागद तसाच त्याच्या हातात होता. थोड्या वेळाने त्याने पेढा शेजारच्याला देऊन टाकला.

सोमवारी संगीताच्या तासाला सर वर्गात आले तेव्हा मुलं उभी होती. उखर्डू वरच्या फळीत, अगदी कडेला. त्याच्यामागे खालच्या फळीतली बाकीची पोरंही एकेक करून तिकडे गेलेली. वर्गाची डावी बाजू मोकळी होती.

"उखर्डू, तुझी जागा..."

"सराव कमी पडस ना सर आमना," तो म्हणाला. त्यात राग नव्हता. त्याने ते खरंच मानलं होतं. "वरला बराबर म्हनतस. मी त्यासना संगे म्हनस."

सराव कमी पडला नव्हता, तुझ्याइतका सूर आजवर कुणी धरला नव्हता, हे सगळं सरांना सांगायचं होतं. पण मग बसमध्ये तसं का म्हणालात, हे पोराने विचारलं असतं. आणि त्याच्या पुढे, की तो सूर मुळात खरा होता का, हेही.

ते पेटीपुढे बसले. पोरं वाट बघत होती.

"बरं," सर म्हणाले, "सगळे मिळून म्हणा," आणि त्यांनी भाता ओढला.